डाव्या खांबापाशी

सामना संपला तसा ओक्ताव लंगडत लाइन्समनच्या मागे धावला.

"अहो, ढळढळीत ऑफसाइड होता तो! माझी अख्खी फळी वर आली होती. झेंडा का नाही वर केलात?"

लाइन्समन सपाट मुलखातला होता. कोळशाच्या खाणींच्या या दरीत तो पहिल्यांदाच आला होता. झेंड्याची घडी घालत तो म्हणाला, "अख्खी कुठे, मास्तर? तुमचा पाच नंबरवाला मागेच होता की, गोलच्या डाव्या खांबापाशी. तो तिथे असताना कसला ऑफसाइड? आणि एक सांगू? गड्याला बूट तरी द्या. या गारठ्यात अनवाणी उभं करता माणसाला!"

ओक्तावच्या संघात पाच नंबरचा सदरा कोणीच घालत नव्हतं. तो पेत्रिशोरचा होता, आणि कपडे बदलायच्या खोलीत खुंटीला टांगलेला होता. पेत्रिशोर उन्हाळ्याच्या शेवटी वारला होता.

मागच्या सामन्यातला लाइन्समन वेगळा होता. त्यानेही खांबापाशी उभ्या असलेल्या कोणाबद्दल असंच काहीतरी म्हटलं होतं. तेव्हा ओक्तावने त्याला शिव्या घातल्या होत्या.

ओक्ताव आणि पेत्रिशोर या दोघांनी गावच्या बचावाची मधली जागा तरुणपणभर सांभाळली होती. ओक्ताव मध्ये काही वर्षं राजधानीत मोठ्या संघाकडून खेळून आला, गुडघा गमावून परतला आणि प्रशिक्षक झाला. आल्या आल्या त्याने पेत्रिशोरला मदतनीस म्हणून घेतलं. दोघांची खासियत एकच होती, ऑफसाइडचा सापळा. समोरचा चेंडू मारणार त्याच्या क्षणभर आधी बचावफळीने एकदम पुढे सरकायचं, की त्यांचा धावता गडी मागे एकटा सापडतो आणि ऑफसाइड ठरतो. पुढे कधी सरकायचं ते पेत्रिशोर ठरवायचा. "वर!" एवढंच म्हणायचा, तेही तोंडातल्या तोंडात. ओक्तावला ते कानांनी ऐकावं लागत नसे, डाव्या खांद्यालाच कळायचं. हाच सापळा त्यांनी या पोरांना शिकवला होता आणि आता तो दर सामन्यात फसत होता. महापौरांनी स्पष्ट सांगितलं होतं, हिवाळ्याच्या सुट्टीला संघ तळाला असला तर संघ बंद. शेवटचा सामना येत्या रविवारी होता आणि त्यात निदान बरोबरी हवी होती.

आठवड्याच्या मध्यावर पेत्रिशोरची बायको सावेता मैदानावर आली. ती काळ्या रुमालातच होती.

"ओक्ताव, खरं सांग. बूट घालतोस ना?"

"घालतो की, वहिनी."

"माझ्या डोळ्यात बघून सांग, गाढवा."

ओक्ताव गवताकडे बघत राहिला.

या दरीत माणूस गेल्यावर चाळिसाव्या दिवशी त्याच्या वस्तू त्याच्या नावाने वाटतात. ज्याला मिळतं त्याने "देव त्याला क्षमा करो" म्हणून घ्यायचं आणि ती वस्तू वापरायची. इथे ती अंगावर चढली, की तिकडे गेलेल्याच्या अंगावर चढते. सावेताने उशी, ताट, कोट वेगवेगळ्यांना दिले होते. खेळायचे बूट मात्र ओक्तावला दिले, कारण दोघांचं माप एकच. बुटाच्या टोकावर मेणबत्ती लावलेली, शेजारी गव्हाच्या गोड कोलिवाची वाटी. ओक्तावने ते शब्द म्हटले, बूट घेतले, घरी आणून पुसले आणि वर्तमानपत्रात गुंडाळून कपाटात ठेवले. डाव्या बुटाच्या टाचेचा एक खिळा पडलेला होता. तोही त्याने बसवून घेतला नाही. जसे होते तसेच राहू देत, म्हणाला.

"रोज स्वप्नात येतो," सावेता म्हणाली. "पाय गार पडलेत म्हणतो. मी म्हटलं, अरे, दिलेत ना बूट! तर म्हणतो, ओक्तावला विचार."

"वहिनी, जुनेपाने बूट ते. आठवण म्हणून ठेवले."

"आठवण ठेवायला फोटो दिला असता मी! त्याला तुझी आठवण नकोय, चालायचंय. चाळीस दिवस कधीच होऊन गेले, जाऊ दे ना रे त्याला."

ती गेल्यावर ओक्ताव डाव्या खांबापाशी जाऊन उभा राहिला. सगळ्या मैदानावर दव गोठून पांढरं झालं होतं. खांबाजवळ मात्र दोन जागा हिरव्या होत्या, पावलांच्या लांबीच्या, शेजारी शेजारी. त्याने वाकून बोटं टेकवली. माती ओली होती आणि आसपासच्या मातीपेक्षा गार. उलट असायला हवं होतं. ऊब होती म्हणून दव वितळलं म्हणावं, तर ऊब कुठेच नव्हती.

त्याला भीती वाटली नाही. पहिल्या लाइन्समनने सांगितलं त्या रात्री तो शांत झोपला होता, हे त्याला आता आठवलं. कुठेतरी त्याला ठाऊक होतं. बूट कपाटात आहेत तोवर पेत्रिशोर कुठेही जाणार नव्हता.

रविवारी दुपारी खाणीच्या बाजूने धुकं उतरलं. ओक्ताव ते बूट घालून कडेला आला तेव्हा डाव्या मधल्या जागी खेळणारा झाम्फिर हसायलाच लागला.

"मास्तर, तुम्हीपण उतरताय की काय? गुडघ्याला विचारलंत का?"

"तू तुझं बघ. मागच्या वेळी पंधरा मैल मागे होतास."

"मी? शप्पथ, मी वर होतो!"

"होतास," ओक्ताव म्हणाला. "ठाऊक आहे मला."

कपाटात राहून बूट कडक झाले होते, थोडे आवळत होते. घालताना त्याने ते शब्द पुन्हा म्हटले, या वेळी मनापासून.

सामना शून्य-शून्य चालला होता. अगदी शेवटी पाहुण्यांच्या मधल्या गड्याने मान वर केली आणि पाय मागे घेतला. त्यांचा पुढचा गडी धावत सुटला. ओक्तावच्या डाव्या खांद्याला कळलं. कोणी काही बोललं नव्हतं, तरी तो कडेच्या रेषेवर एक पाऊल पुढे सरकला. त्याच क्षणी मैदानात झाम्फिर सरकला, फळी सरकली. चेंडू जाळ्यात गेला. सगळे लाइन्समनकडे बघत राहिले.

झेंडा वर होता.

शिट्टी वाजली, पोरं एकमेकांवर पडली. संघ वाचला होता. लाइन्समन जवळून जाताना म्हणाला, "तुमचा पाच नंबर काय वेळेवर वर आला हो! आधी खांबाला चिकटून होता. पण नंतर थांबलाच नाही. सामना संपायच्या आधीच मैदान सोडून गेला. तसं चालत नाही, समजवा त्याला."

ओक्ताव खांबापाशी गेला. तिथून चिखलात बुटांचे ठसे निघाले होते, लांब लांब टांगा टाकत गेलेले. डाव्या टाचेला एक खिळा कमी. तसा जोड दरीत एकच होता आणि तो ओक्तावच्या पायांत होता. आणि सामना संपेपर्यंत ओक्ताव कडेच्या रेषेआत आलेला नव्हता. ठसे फळीच्या जागेपर्यंत आले होते, तिथून तसेच पुढे मधली रेषा, पलीकडचा गोल आणि स्मशानाच्या बाजूचं फाटक. फाटक बंद होतं. ठसे पलीकडेही होते.

"वर!" ओक्ताव तोंडातल्या तोंडात म्हणाला.

डावा खांदा गप्प होता. मग झाम्फिरने हाक मारली आणि तो त्या आवळत्या बुटांनी पोरांकडे चालू लागला.