आईनं नापास केलेलं प्रकरण

डॉ. अराबा डाडझी यांना त्यांच्या देशानं राजदूत नेमल्याचं पत्र आलं, त्या दिवशी त्या वर्गावर चार मिनिटं उशिरा आल्या आणि त्याबद्दल त्यांनी माफी मागितली. पत्राबद्दल एक शब्द नाही. आम्हाला ते दुपारी डीनच्या ई-मेलवरून कळलं. आमच्याकडे कुणी नगरसेवक झालं तरी चौकाचौकात बॅनर लागतात, आणि या बाई राजदूत होऊनही फळा पुसत होत्या. कुठल्या देशात जाणार होत्या ते मी सांगत नाही. तुम्ही लगेच इंटरनेटवर शोधायला बसाल.

मी उपासना, गोंदिया जिल्ह्यातल्या तिरोड्याची. २००६ साली मॅसॅच्युसेट्समधल्या एका युनिव्हर्सिटीत मॅडमच्या हाताखाली पीएच.डी. करत होते आणि श्रूजबरीत नीलांबरी नावाच्या पुण्याच्या सॉफ्टवेअरवालीबरोबर अपार्टमेंटमध्ये राहत होते. माझा विषय आमच्या भागातल्या विडी वळणाऱ्या बायका. विषय शोधायला लांब जावं लागलं नाही, माझी आई रत्नाबाई चाळीस वर्षं विड्याच वळत आली आहे.

मॅडमही अशाच घरातल्या. घानाच्या किनाऱ्यावर त्यांची आई मासे धुरावर सुकवून बाजारात विकायची. शिष्यवृत्तीवर लंडन, मग अमेरिका, वीस वर्षं प्राध्यापकी, मासेवाल्यांच्या बाजारावर तीन पुस्तकं. त्यांचा एकच हट्ट होता. ज्यांच्याबद्दल लिहिलं, त्यांना ते त्यांच्या भाषेत वाचून दाखवायचं, त्याशिवाय ते लिहिलंच नाही असं समजायचं. पहिल्या पुस्तकाचं एक प्रकरण त्यांनी बाजारात बसून वाचलं तेव्हा बायका पोट धरून हसल्या होत्या. मॅडमनी ते प्रकरण फाडलं आणि पुस्तक दोन वर्षं मागे पडलं. हे त्या अभिमानानं सांगायच्या.

मी मात्र चौथं प्रकरण कुणालाच वाचून दाखवलं नव्हतं. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात मॅडमनी ते पुढ्यात घेतलं.

"बाकीच्या बायकांवर चार-चार पानं आहेत. या सात नंबरच्या बाईवर अर्धंच पान का?"

"ती माझी आई आहे," मी म्हणाले. "तिच्याशी जेवता जेवता बोलले. घरचीच तर आहे."

मॅडमनी पेनाला टोपण लावलं. "पंचवीस तारखेला माझं विमान आहे. हे सगळं प्रकरण त्या बायकांना वाचून दाखव, तुझ्या आईला आधी. मी ऐकायला येईन. नाहीतर माझी सही होणार नाही."

सही नाही म्हणजे नवा गाइड, आणखी निदान एक वर्ष. माझी फेलोशिप मे महिन्यातच संपली होती आणि व्हिसाचे दिवस मी कॅलेंडरवर खोडत होते. मला इतका राग आला की बसस्टॉपपर्यंत मी त्यांना मनातल्या मनात अस्सल तिरोड्याच्या शिव्या दिल्या. स्वतः निघाल्या राजदूत व्हायला आणि मला ठेवलं टांगून.

शनिवारी सकाळी आठला मॅडम आमच्या घरी आल्या. तिकडे तिरोड्यात संध्याकाळचे साडेपाच वाजले होते. माझ्या भावानं, अतुलनं, अंगणात बाजेवर आपला मोबाइल लाउडस्पीकर लावून ठेवला होता आणि भोवती अकरा बायका बसल्या होत्या.

"यार, दोन तासांचा इंटरनॅशनल कॉल?" नीलांबरी म्हणाली. "माझं कॉलिंग कार्ड पण घे. आणि मॅडमना विचार, चहात आलं चालेल का."

"जयभीम," तिकडून आई म्हणाली.

"जयभीम," मॅडम म्हणाल्या. हे मी त्यांना शिकवलं नव्हतं, चार वर्षं माझे फोन ऐकून त्याच शिकल्या होत्या.

मी मराठीत वाचायला लागले. पानं, तंबाखू, धागा, सगळ्याला बायका हूं हूं करत होत्या. मग छाट आली. छाट म्हणजे चांगल्या वळलेल्या विड्या कारखान्याचा मुनीम खराब म्हणून बाजूला काढतो आणि स्वतःकडेच ठेवून घेतो. मी लिहिलं होतं की हा अन्याय या बायकांनी पिढ्यान् पिढ्या मुकाट्यानं सोसला. वाक्य मला फार आवडलं होतं. इंग्रजीत तर ते आणखीच भारदस्त दिसत होतं.

तिकडे एकदम हशा पिकला. एकीला तर ठसकाच लागला.

"काय झालं?" मॅडमनी विचारलं. त्या खुर्चीत पुढे सरकल्या होत्या.

"मुकाट्यानं कोन सोसलं वं?" आई म्हणाली. "एकोणीस दिवस आमी बिड्या देल्ल्या नाही. टोपल्या घेऊन कारखान्याच्या फाटकात बसलो. मालक सोता आला, तवा उठलो. तवापासून छाट आमच्या डोळ्यापुढं होते."

"तुही मायच पुढं होती," मागून कुणीतरी ओरडलं. "पोलिसाले म्हणे, मले उचलाचं असन तं टोपलीसकट उचल."

मी चार वर्षांची होते तेव्हाची ही गोष्ट. पुढची तेवीस वर्षं मी या बाईच्या हातचं जेवले, विडी कामगारांच्या लढ्यांवर जगभरातली पुस्तकं वाचली आणि हे मला माहीत नव्हतं.

"आई, तू मला कधी सांगितलं का नाही?"

"तू कागदभर प्रश्न आनले होते. त्यात हा कुठं होता?"

मी मॅडमना सगळं इंग्रजीत सांगितलं. लाज वाटत होती आणि त्या लाजेखालून अभिमान नुसता उसळ्या मारत होता. मॅडमनी एकोणीस हा आकडा माझ्याकडून पुन्हा विचारून घेतला. मग म्हणाल्या, "तिला विचार, प्रकरण पास का?"

आईनं बायकांना विचारलं. बराच गलका झाला.

"नाही," आई म्हणाली. "मॅडमले सांग, पोरगी हुशार आहे, पन हे पुन्हा लिवा लागन."

मॅडम इतक्या खूश झालेल्या मी कधी पाहिल्या नव्हत्या. माझा जीव जात होता आणि त्या माझ्या पाठीवर थापा मारत होत्या.

सहा दिवस मी लायब्ररीतून फक्त झोपायला घरी आले. रोज सकाळी आईला फोन करून परक्या बाईसारखी विचारत होते, आणि तीही परक्या बाईसारखी नीट सांगत होती. त्याच आठवड्यात गुरुवारी फुटबॉलच्या वर्ल्ड कपमध्ये घानानं अमेरिकेला हरवलं. मॅडम त्या दिवशी डीनच्या ऑफिससमोरून काही काम नसताना दोनदा चालत गेल्या. अर्ध्या पानाची बावीस पानं झाली आणि सात नंबर खोडून मी तिथं पूर्ण नाव लिहिलं.

चोवीस तारखेला पुन्हा फोन लावला. या वेळी कुणी हसलं नाही. वाचून संपलं, तेव्हा तिकडे बायकांची कुजबुज ऐकू आली.

"आता बराबर हाये," आई म्हणाली. "बायाही हो म्हनतात."

मॅडमनी नीलांबरीच्या डायनिंग टेबलावर, चहाचा कप बाजूला सरकवून, सही केली. मी कागद उचलून छातीशी धरला. फोन ठेवणार, तेवढ्यात आईनं विचारलं, "मॅडम आता कुठं चालली?"

मी सांगितलं. आपल्या देशाच्या वतीनं दुसऱ्या देशात बोलायचं, मोठा मान असतो, असंही सांगितलं.

"तिची माय आहे का?"

मी विचारलं. मॅडमनी मान हलवली. त्यांची आई वारून अठरा वर्षं झाली होती, एकही पुस्तक निघायच्या आधी.

"वय काय तिचं?"

"अठ्ठावन्न."

"म्हंजे माह्याहून पाच वर्षानं लहान." आईनं घसा खाकरला. "मंग मीच सांगतो. तिले म्हन, नाव काढलं बाई तू. मायचं नाव काढलं."

मी जमेल तसं इंग्रजीत सांगितलं. मॅडमनी चष्मा काढला आणि फोन आपल्याकडे ओढला.

"तिला पुन्हा म्हणायला सांग," त्या म्हणाल्या. "आणि या वेळी तू मध्ये बोलू नकोस."

आई पुन्हा म्हणाली.