डबिंगला बोलावणं नाही

“गप्प बसा गं दोघी, आता मीच येणार!” मास्तरांनी टीव्हीकडे बोट दाखवत बायकोला आणि लेकीला दटावलं.

नाटकवाले सगळे त्यांना मास्तरच म्हणत. जन्म रंगमंचावर गेला, टीव्हीवर कधीमधी वकील नाहीतर डॉक्टर म्हणून तोंड दाखवलं. मालिकेत एवढी मोठी भूमिका पहिल्यांदाच, तीही घशाच्या ऑपरेशननंतर! आवाज घोगरा झाला होता खरा, पण सेटवर कोणी हूं की चूं केलं नाही. उलट मास्तरच घरी येऊन फुशारकी मारायचे, “तरण्याताठ्या पोरांना डबिंगला बोलावून तीच वाक्यं पुन्हा पुन्हा बोलायला लावतात. मला? एकदासुद्धा नाही! पहिल्याच झटक्यात पास!”

पडद्यावर मास्तर दार उघडून आत आले, सुनेसमोर बसले आणि बोलले, “पोरी, या घरात तुला कोणी परकं म्हणणार नाही.”

चेहरा त्यांचा, ओठ त्यांचे, आवाज दुसऱ्याचाच. भरदार, खणखणीत. अरे बाप रे, हे काय ऐकतोय आपण? त्यांनी नकळत गळा चाचपला.

“अगंबाई!” बायको डोळे पुसत म्हणाली, “किती दिवसांनी तुमचा पूर्वीसारखा आवाज ऐकला हो!”

झालं! हिलासुद्धा कळू नये? मास्तर गॅलरीत गेले, दार लोटलं आणि दिग्दर्शकाला फोन लावला.

“काका, रागावू नका,” तो चाचरत म्हणाला. “अभिनय एक नंबर आहे तुमचा. पण आवाज फाटत होता हो. तुमच्या नाटकातल्या त्या चेल्याकडून डबिंग करून घेतलं. तुम्हाला कोणी सांगितलं नाही? मला वाटलं, ऑफिसनं सांगितलं असेल.”

फोन ठेवून मास्तर तिथल्या खुर्चीत बसले. तो चेला! मास्तर आजारी पडले तर उभं राहायचं म्हणून वर्षानुवर्षं विंगेत थांबून त्यांचं वाक्य न् वाक्य गिरवणारा. नाटक चालू होतं तोवर मास्तर कधी आजारी पडले नाहीत आणि त्या बिचाऱ्याच्या नशिबी कधी रंगमंच आला नाही. तरी असा केसानं गळा कापावा? चांगला फैलावर घ्यायचा म्हणून मास्तरांनी तावातावानं त्याला फोन लावला.

“मास्तर! ऐकलंत?” चेल्याला रडूच फुटलं. “तुम्हीच माझं नाव सुचवलंत ना? आईनं आज आख्खी गल्ली गोळा केली होती. माझा चेहरा कुठेच नाही, तरी म्हातारी टाळ्या काय वाजवत होती! तुमचे उपकार कसे फेडू?”

मास्तरांना राग तर असा आला की गिळता गिळवेना. आणि खरं सांगावं, तर या वेड्याचा घास तोंडातून काढून घेतल्यासारखं होणार.

“मास्तर, आहात ना? काही चुकलं का माझं?”

“चुकलं,” मास्तर कसेबसे बोलले. “‘पोरी’ म्हणून मी थांबलो होतो. तू तसाच पुढे पळालास. माझ्या ओठांकडे बघत जा, गाढवा. घाई नको.”

“हो मास्तर. उद्या नीट करतो.”

“आणि थंडगार काही पिऊ नकोस. जप.”

मास्तरांनी फोन ठेवला. आतून लेकीची हाक आली, “बाबा, अहो या ना, तुमचाच प्रसंग परत दाखवतायत!”

ओ द्यायला त्यांनी तोंड उघडलं, मिटलं आणि नुसतेच उठून आत गेले.