डोणीतलं हिरवं पाणी

मी एक जुनी दगडी डोणी आहे. बीडच्या वेशीबाहेर माळ्यांची वस्ती आहे, तिथल्या एका ओस घराच्या अंगणात मी कलती पडून आहे. मित्रांनो, डोणी म्हणजे जनावरांना पाणी पाजायचं दगडाचं लांबट भांडं. दिसायला मी काही देखणी नाही. पण माझ्यात एके काळी जे वाढलं, ते मोठमोठ्या हवेल्यांच्या हौदांतही वाढत नव्हतं. हा बढाईचा सूर वाटला तर वाटू द्या. पुढची हकीकत ऐकल्यावर तुम्ही मला माफ कराल.

चौसाळ्याकडच्या खाणीत म्हाळू वडाराने मला एकाच काळ्या दगडातून कोरून काढलं. अठरा दिवस त्याची छिन्नी माझ्या पोटात चालली होती. बुडाशी त्याने अंगठ्याएवढं एक भोक पाडलं, जनावरांचं उष्टं पाणी सोडून देता यावं म्हणून. त्या भोकात चिंध्यांचा बोळा घट्ट बसवला की माझ्यातून थेंब गळत नसे. सिदू माळ्याने मला बैलगाडीतून घरी आणलं, तेव्हा त्याचा मुलगा आश्रुबा पाळण्यात होता. त्याला मी इतकं लहान पाहिलं आहे, म्हणून त्याच्याविषयी एकेरीत बोलते. राग मानू नका.

सिदूच्या काळात मी बैलांची तहान भागवली. सिदू गेला आणि आश्रुबाला तालुकदारसाहेबांच्या, म्हणजे निजामाच्या कलेक्टरच्या, बंगल्यावर माळ्याची नोकरी लागली. रान चुलतभावाकडे गेलं, बैलही गेले. मग मला कोण विचारणार? पावसाचं पाणी साचायचं, उन्हाळ्यात आटायचं. एका कोंबडीने तर माझ्यात अंडी घालायला सुरुवात केली. अंगणातून जाणारा-येणारा माझ्या काठावर टेकायचा आणि पान खाऊन माझ्याच अंगावर थुंकायचा.

घरात आश्रुबा आणि त्याची बायको केसरबाई, दोघंच. मूलबाळ नव्हतं. त्यावरून त्यांच्या तोंडावर कोणी बोलल्याचं मी ऐकलं नाही. पाठीमागे मात्र पुष्कळ ऐकलं.

एका सकाळी आश्रुबा बंगल्यावरून डोक्यावर घागर घेऊन आला. पाणी हिंदकळू नये म्हणून तो इतका हळू चालत होता की केसरबाई दारात येऊन बघत राहिली.

"ह्ये काय आणलं?" तिने विचारलं.

"मासे."

"मंग चूल पेटवू का?"

"अगं चूल ऱ्हाऊ दे, डोणी धुवून दे. ह्ये खायचे न्हाईत, बघायचे हायेत."

"बघायचे मासे! अवो, असं कुटं असतंय का?"

असं होतं. साहेबांनी ते हैदराबादेहून मागवले होते. जालन्यापर्यंत आगगाडीने आणि पुढे छकड्यातून, काचेच्या बरण्यांत. बंगल्यापुढच्या हौदात ते सोडले होते आणि त्यांची निगा आश्रुबाकडे होती. आता साहेबांची बदली झाली. नव्या साहेबांना घोड्यांचा शौक. त्यांनी हौद बुजवायचा हुकूम दिला. जाता जाता जुन्या साहेबांनी पाच मासे आश्रुबाच्या हवाली केले. केसरबाईने राखेने घासून मला लख्ख केलं, बोळा बसवला, आणि घागर माझ्यात हळूच कलंडली. तीन तांबूस-सोनेरी, दोन पांढरे. ते माझ्या पोटाला तोंड लावून फिरले, तेव्हा मला किती गुदगुल्या झाल्या म्हणून सांगू!

गावाला चेष्टेला विषय मिळाला. पखालवाला बंकट रोज येता-जाता ओरडायचा, "कावून बे आश्रुबा, तुजे बैल डोणीत बुडाले का?" आश्रुबा हसायचा. त्याला कोणाच्या बोलण्याचं काही वाटत नसे.

माशांची वीण घेणं सोपं नव्हतं. पहिल्या वर्षी मादीने अंडी घातली आणि दुपारपर्यंत त्या पाचांनी मिळून ती खाऊन टाकली. आश्रुबा कपाळाला हात लावून बसला. दुसऱ्या वर्षी त्याने काथ्याची जुडी उकळून, धुवून माझ्यात टाकली. मोहरीएवढी अंडी तिला चिकटली. लगेच त्याने मोठे मासे काढून मातीच्या कुंड्यात ठेवले आणि अंडी माझ्यात राहू दिली. पाचव्या दिवशी माझ्या भिंतींवर बारीक केसासारखं काही चिकटलेलं दिसलं. ती पिल्लं होती.

त्या पिल्लांना खायला काय घालायचं, हे केसरबाईने शोधून काढलं. पाणी उन्हात ठेवून हिरवं होऊ द्यायचं. पहिले काही दिवस तेच त्यांचं अन्न. मग उकडलेल्या अंड्यातला पिवळा बलक फडक्यात बांधून पाण्यात हलवायचा. घरची दोघं मिरची-भाकर खात आणि पिल्लांना अंड्याचा बलक मिळे. सुरुवातीला नाक मुरडणारी केसरबाई आता कामं उरकून माझ्या काठाशी वाकून बसू लागली. तिची सावली पाण्यावर पडली की पिल्लं पळत नसत, उलट वर येत. सोनमाशांची पिल्लं आधी मातकट असतात. पाण्यात असली तरी चटकन दिसत नाहीत. तीन-चार महिन्यांनी त्यांना रंग फुटतो आणि मग कळतं की कोण सोनेरी, कोण पांढरा. ते तीन-चार महिने दोघं नवरा-बायको पैज लावून बसत.

आश्रुबाच्या मनात एक वेड होतं. अंगभर दुधासारखा पांढरा आणि कपाळावर फक्त एक लाल टिकली, असा मासा त्याला काढायचा होता.

"तुज्यासारका," तो केसरबाईला म्हणायचा. "कपाळाला कुंकू लावलेला."

"लाज वाटत न्हाई का, बायकूला मासा म्हनायला!" ती म्हणायची. पण दुसऱ्या दिवशी तीच पांढरे मासे वेगळे निवडायची.

आठ वर्षं ही निवड चालली. दरसाल पांढरे तेवढे ठेवायचे, बाकीचे हौशी लोकांना द्यायचे. आठव्या वर्षी एक पांढरी मादी अशी निघाली की तिच्या कपाळावर तांदळाएवढा लाल ठिपका होता. आश्रुबा त्या दिवशी वस्तीत गूळ वाटत फिरला. "हिच्या पिल्लात निगनार बग," तो केसरबाईला म्हणाला. "यंदा निगनारच."

ते साल मानमोडीचं होतं. मित्रांनो, त्या तापाचं नाव तुम्ही आजी-आजोबांकडून ऐकलं असेल. माणूस सकाळी धडधाकट असायचा आणि तिसऱ्या दिवशी घरातून बाहेर काढावा लागायचा. त्यात पाऊसही कमी झाला. विहिरी खोल गेल्या. आश्विनात एक सर पडून गेली आणि त्या मादीने काथ्याच्या जुडीवर अंडी घातली. चौथ्या दिवशी ती कुंड्यात मरून वर आली. नराला मांजराने नेलं. पाण्याच्या टंचाईत बाकीचे मासे आधीच गेले होते. राहिली ती माझ्यातली पिल्लं. दोनशे तरी असतील. आठ वर्षांच्या निवडीतून आता तेवढीच उरली होती.

पिल्लं दहा दिवसांची झाली आणि आश्रुबाला ताप भरला. दुसऱ्या दिवशी त्याने बाज दारापाशी ओढून घेतली, मी दिसावी म्हणून.

"केसर, डोणीचं पानी बदलू नको बरं का. हिरवं हाय म्हनून टाकशील. त्येच त्येंचं दूध हाय."

"मला म्हाईत न्हाई व्हय? तुमी गप पडा."

"रंग फुटला की मला दाव."

तिसऱ्या दिवशी सकाळी तो गेला.

साथीच्या भीतीने वस्तीतली माणसं उंबऱ्याच्या आत येईनात. शेजारची छबुबाई मात्र आली. तिचा स्वतःचा ताप दोनच दिवसांपूर्वी उतरला होता, पाय लटपटत होते, तरी ती आली आणि दोघी-तिघींना ओढून घेऊन आली. बायकांनी केसरबाईला भिंतीशी बसवलं. तिच्या बांगड्या फोडल्या, कपाळ पुसलं. आणि मग रीतीप्रमाणे घरातलं पाणी ओतायला सुरुवात झाली. घरात माणूस गेलं की घरातलं भरलेलं पाणी ठेवत नाहीत, हे तुम्हाला ठाऊक असेल. घागरी ओतल्या, हंडा ओतला, रांजण कलंडला. दुष्काळात विहिरीवरून डोक्यावर आणलेलं पाणी होतं ते, पण रीत म्हणजे रीत.

मग छबुबाई अंगणात आली. मोठे मासे गेल्याचं वस्तीला ठाऊक होतं, पिल्लांचं मात्र कोणाला माहीत नव्हतं. "आगं बया, ह्ये पानी तर पार हिरवं झालंय," ती म्हणाली. तिने बाही सरकवली, माझ्या पोटात हात घातला आणि बोळा उपटला.

मी दगड आहे. मला ओठ नाहीत की ते भोक मिटून घ्यावं. पाणी भळभळ वाहू लागलं आणि त्याच्याबरोबर ती पिल्लं निघाली. काही माझ्या भिंतीला चिकटून राहायला धडपडली. मला त्यांची तोंडं जाणवत होती. एकेक करून सगळी गेली. अंगणातल्या तापलेल्या मातीने ते पाणी बघता बघता पिऊन टाकलं. छबुबाईला मातीवर काहीच दिसलं नसेल. पिल्लं होतीच मातीच्या रंगाची. त्यांना पुढे कोणता रंग फुटणार होता, हे कोणालाच कधी कळलं नाही.

आत केसरबाईने तो आवाज ऐकला. आठ वर्षं तिने स्वतः ते पाणी सोडलं होतं. माझा आवाज ती ओळखणार नाही तर कोण ओळखणार?

"डोणी! आगं डोणी!" ती ओरडली आणि उठू लागली.

नवरा दारात पडलेला, आणि बाई डोणी डोणी करते. बायकांना वाटलं, दुःखाने हिचं भान सुटलं. त्यांनी तिला खांद्यांना धरून आणखी घट्ट बसवलं. "रड माय, रड," त्या म्हणाल्या. ती जितकी सुटायला धडपडली, तितकं त्यांनी तिला पोटाशी धरलं. आणि माझ्यातलं पाणी संपलं. मग तीही ओरडायची थांबली.

त्यानंतर केसरबाई माझ्याजवळ आली ती चौदाव्या दिवशी. माझ्या तळाशी वाळलेल्या शेवाळावरून तिने हात फिरवला. काथ्याची जुडी उचलून उन्हाकडे धरून पाहिली. बराच वेळ पाहिली. तेवढ्यात छबुबाई डोक्यावर घागर घेऊन फाटकाशी आली. मधल्या दिवसांत त्याच तापाने तिची थोरली बहीण गेली होती.

"वैनी," छबुबाई म्हणाली, "त्या दिशी तुमी डोणी डोणी करत व्हत्या. दादा जितेपनी लई बसायचे हितं. माज्या मनाला लागून ऱ्हायलंय. त्यात काय व्हतं का?"

मला वाटलं, आता ही सांगणार. सांगायलाच हवं होतं. मी आतून कितीतरी ओरडले.

केसरबाईने जुडी पदराखाली घेतली.

"न्हाई गं," ती म्हणाली. "काय न्हवतं. शिळं पानी व्हतं."

छबुबाईने सुटकेचा श्वास टाकला, आणलेली घागर दारात उतरवली आणि घरी गेली. ती गल्लीच्या वळणाआड दिसेनाशी होईपर्यंत केसरबाई उभी होती. मग माझा काठ धरून ती खाली बसली आणि पहिल्यांदा मोठ्याने रडली.

मित्रांनो, माझं मागणं लहानसं आहे. कोणाच्या अंगणातलं पाणी तुम्हाला हिरवं, शिळं, नासलेलं वाटलं, तर ओतण्याआधी एकदा वाकून त्यात पाहा. छबुबाई मनाने वाईट नव्हती. त्या दिवशी सगळ्या गावात तिच्याएवढं चांगलं कोणी वागलं नाही. ती फक्त वाकली नाही.