सांध्यातली कुरकुर

हेडफोनच्या उजव्या कानावरचा स्पंज सुटून लोंबत होता, आणि तो बोटाने आत ढकलता ढकलता त्याने पुन्हा एकदा तो सांधा ऐकला — बासरी उतरत येते, थांबते, आणि मग... कुर्र. पुन्हा बासरी. पुन्हा कुर्र. इतकी वर्षं झाली, मेली ही कुरकुर काही मरायला तयार नाही!

गेमच्या संगीताला शेवट नसतो. खेळणारा एका जागी अडकला की सुरांनीही तिथेच घुटमळायचं, म्हणून शेवटचा सूर पहिल्याला बेमालूम जोडायचा. जन्मभर त्याने हेच केलं, आणि थोरला भाऊ अजून चिडवतो, तुझं एखादं गाणं संपतं का रे कधी? गेममधल्या नदीकाठच्या धक्क्यासाठी ही धून केली त्या दिवशी शेजारच्या खोलीत तापाने फणफणलेला मुलगा रडला, रेकॉर्डिंग चालू ठेवूनच हा अर्धवट उठला, बुडाखालचं स्टूल कुरकुरलं, आणि घाईघाईत सांधा नेमका तिथेच पडला. गेम तसाच बाजारात गेला. आता कंपनी तो नव्याने काढणार होती. संध्याकाळपर्यंत धून स्वच्छ करून द्यायची. एक कळ दाबली की डाग गेला.

त्याने हेडफोन काढला... आणि स्वयंपाकघरातून तीच धून आली. सून भाजी चिरता चिरता गुणगुणत होती. सूर उतरले, थांबले — आणि तिने घशातून बारीक कुर्र केलं, अगदी वेळेवर, आणि निवांत पुढे गेली.

तो उठून दारात गेला. ते मधलं काय, म्हणून विचारलं.

"नाव लागते ना बाबा, धक्क्याला," ती मान वर न करता म्हणाली. "शाळेतून आले की घरात कुणी नसायचं. मी खेळायचेच नाही, नुसती त्या धक्क्यावर उभी राहायचे. नाव कधी दिसली नाही. पण तो आवाज झाला की वाटायचं, आलं कुणीतरी." मग हसून म्हणाली, "तुम्हीच तर घातलाय की."

त्याने कुठे घातला होता? तो तर उठला होता — हिच्याच नवऱ्यासाठी, रडणाऱ्या चार वर्षांच्या पोरासाठी. आणि कुठल्या कुठे, कुलूप उघडून एकटीच आत आलेल्या एका पोरीला ते उठणं ऐकू गेलं होतं, रोज, पुन्हा पुन्हा... अशी आणखी किती घरं?

तो परत येऊन त्याच स्टुलावर बसला. बोट कळेवर होतं. टेबलाच्या पलीकडच्या टोकाला फोन थरथरू लागला, कंपनीचाच असणार. घ्यायला म्हणून तो उठू लागला, आणि खालून — कुर्र.

कुठल्यातरी न पाहिलेल्या घरात कुणीतरी दाराकडे पाहिलं असेल, असं वाटून तो तसाच राहिला, अर्धा उठलेला.