रंगाखालचा आवाज

मित्रांनो, मला तीन पाय आणि एकच कान आहे, तरी मी घोडाच आहे. समुद्रकाठच्या करमणूक बागेतल्या मेरी-गो-राउंडचा जुना लाकडी घोडा. सध्या मुक्काम तिकीटखिडकीमागच्या अडगळीच्या खोलीत.

एके काळी माझा काय तोरा होता! रांगेतली धक्काबुक्की माझ्यासाठीच चालायची आणि शेजारचा हत्ती जळफळायचा. पण खारा वारा कुणाचं कौतुक करत नाही, तो लाकडात शिरतो. म्हणून दरवर्षी सुट्ट्यांआधी रंगारीकाका माझा जुना रंग पार खरवडायचे, मग अंगभर बोटांनी ठोकत कान लावायचे. आवाज भरीव आला, तरच ब्रश उचलायचे.

काकांना धाप लागू लागली, तेव्हा ब्रश त्यांच्या लेकीच्या हाती आला. पहिल्याच वर्षी मॅनेजरने तिच्यामागे घाई लावली. "अहो ताई, वरच्यावर एक हात मारा. उद्या गेट उघडायचंय!" तिने जुन्या रंगावरच नवा चढवला. खरं सांगतो, इतका देखणा मी कधीच दिसलो नव्हतो. मीही हुरळून गेलो.

दुसऱ्या दिवशी काका नातीला घेऊन आले, इस्त्रीचा शर्ट घालून. "बाबा, एकदम ठणठणीत दिसताय!" लेक म्हणाली. काका नुसतेच हसले. त्यांनी नातीला माझ्या पाठीवर बसवलं आणि सवयीने माझ्या पाठीतून जाणाऱ्या लोखंडी दांड्याजवळ टकटक केलं. आवाज पोकळ आला. फेरी सुरू होण्याची घंटा वाजत होती. काकांनी नातीला उचलून खाली घेतलं. मी रिकामाच निघालो आणि दुसऱ्याच फेरीत दांड्यावरून निखळून आपटलो. एक पाय आणि एक कान तिथेच गेले.

लेक पांढरीफटक पडली. "रंग छान लावलास गं," काका एवढंच म्हणाले. ते बाकावर बसून धापा टाकत होते, पण सगळे माझ्याकडे बघत होते.

पुढच्या वर्षी काका नव्हते; लेक एकटीच आली. या खोलीत माझ्याजवळ बसून माझ्या पोटावर टकटक करत राहिली. "बाबांनाही मी असंच वरवर बघितलं रे," म्हणाली आणि माझ्या मानेवर डोकं टेकून रडली.

मित्रांनो, आपल्या माणसाला 'छान दिसताय' म्हणून लगेच पुढे जाऊ नका. जरा थांबा, जवळ बसा, कान द्या.

बाहेर ती आत्ता हत्तीला खरवडतेय. मॅनेजर दोनदा घाई करून गेला. ती मात्र ठोकतेय आणि ऐकतेय.