विहिरीतली हायड्रा आणि घागरीतलं पाणी

मी एक जुनी हायड्रा आहे, मित्रांनो. किती जुनी, ते मलाही सांगता येणार नाही, कारण आमच्यात म्हातारपण येत नाही. मरण मात्र येतं. तुमच्या पुस्तकात माझं नाव जलव्याल असं भारदस्त लिहिलेलं असतं. प्रत्यक्षात मी दोऱ्याच्या तुकड्याएवढी. खाली चिकटून बसायचा पाय, वर तोंड, तोंडाभोवती हातांची झालर. मेंदू नाही, डोळे नाहीत, कान नाहीत. मग पुढचं सगळं मला कळलं कसं, असं विचारू नका. आत्मवृत्तात एवढं चालवून घेतात.

लोहारा गावाबाहेरच्या एका विहिरीत, पाणवेलीच्या पानाखाली माझा जन्म झाला. आईच्या कुशीला कोंब फुटला, तो कोंब म्हणजे मी. हात फुटेपर्यंत आईचं पोट तेच माझं पोट. मग एकदा सुटले, आणि तेव्हापासून जिवाला चैन म्हणून नाही. सावली हलली की अंग आखडायचं, सावली सरली की लांबवायचं, एका पानावर मन रमेना की डोकं टेकून पाय वर, अशी कोलांटी मारत पुढच्या पानावर. माझ्या हातांवर दंशपेशी असतात. प्रत्येकीत विषारी दोरा गुंडाळलेला. पाण्यातली पिसू नुसती घासून गेली तरी दोरा सुटतो आणि पिसू लुळी पडते.

आमचं खानदान मोठं. समुद्रातली जेलीफिश म्हणजे उलटी करून सोडून दिलेली मीच समजा. प्रवाळ म्हणजे माझ्यासारख्याच इवल्या जिवांची वस्ती. जन्मभर एका जागी बसून घरं बांधतात. कसं जमतं कोण जाणे!

गावात नळ आले आणि विहिरीला कुणी विचारेना. पूर्वी लोक वाकून म्हणायचे, ‘काय नितळ पाणी!’ आता वाकतात ते निर्माल्य टाकायला. अशा दिवसांत शिवलीला आली. ही शाळेत विज्ञान शिकवते. शाळेतल्या सूक्ष्मदर्शकानं कांद्याच्या पापुद्र्याशिवाय काही पाहिलेलं नव्हतं, आणि हिनं मुलांना जिवंत हायड्रा दाखवायचा शब्द दिलेला. बादली सोडून तिनं मला पानासकट वर काढलं आणि विहिरीच्याच पाण्यात, काचेच्या बरणीत घालून स्वयंपाकघराच्या खिडकीत ठेवलं. माझ्या कुशीला तेव्हा कोंब होता. माझी लेक. हात अजून फुटायचे होते.

शिवलीलाचे सासरे महांतप्पा. सकाळी लिंगपूजा झाली की तांब्याच्या घागरीतलं रात्रभर मुरलेलं पाणी पितात, आणि घरी आलेल्याला तेच देतात. त्या सकाळी ते बरणीपाशी आले.

“हिरवट पाण्यात ठिवलंय बिचारीला,” ते म्हणाले. “पाव्हणी हायस तू. घे माय, चांगलं पाणी घे.” आणि भांडंभर पाणी ओतलं.

मित्रांनो, माणसाला जे पाणी मानवतं, त्यात उतरलेलं किंचितसं तांबंही आम्हाला जहर. हातांची टोकं आखडून गाठी झाल्या. अंगाचा गोळा झाला. पळावं म्हटलं तर कोलांटीला हातच उरले नाहीत. आणि लेक कुशीला. तिचंही पोट तेच.

“शिवलीला,” महांतप्पांनी हाक मारली, “तुजं जनावर आंग चोरून बसलंय. थंडी वाजतीय व्हय त्याला?”

ती वेणी घालता घालता आली. “अप्पा, पाणी कुठलं घातलं?”

“आपल्या घागरीतलं.”

तिच्या हातातली वेणी सुटली. “अप्पा, तांबं सोसत न्हाय हिला! म्या वाचलं होतं. तुम्हाला सांगायचं राहिलं.”

“पाव्हण्याला पाणी पाजावं का पाव्हण्याचं पुस्तक वाचावं?” महांतप्पा पुटपुटले, पण चेहरा उतरला होता. विहिरीचं दुसरं पाणी घरात नव्हतं. शिवलीलाची शाळेकडं जाणारी जीप निघायची वेळ झाली होती. ते म्हणाले, “तू जा शाळंला. म्या आणतो.” आणि सवयीनं तांब्याची कळशी उचलली.

चन्नम्मानं, त्यांच्या बायकोनं, ती हातातून ओढून घेतली. “ठिवा ती खाली! यकदा मारून मन भरलं न्हाय व्हय?” आणि तेलाचा धुऊन ठेवलेला प्लास्टिकचा कॅन पुढं केला.

म्हातारा उन्हातून जाऊन आला. धापा टाकत त्यानं पाणी बदललं. दुपारी पुन्हा बदललं. मध्येच वाकून बघायचा, उठायचा, पुन्हा यायचा. माझ्यासारखाच अस्वस्थ.

तुटलेलं परत उगवणं, एवढी एक विद्या आमच्याकडे आहे. काही दिवसांनी माझे हात लांबले. लेकीलाही हात फुटले, आणि ती सुटून दुसऱ्या पानावर गेली. मग शाळेत वर्गभर मुलांनी रांग लावून आम्हा दोघींना पाहिलं. ‘बाई, ही नाचतीय!’ असा गलका झाला. एवढं कौतुक मला सोसत नाही. मी आखडून बसले.

मित्रांनो, जीव लावा. पण ज्याला लावता, त्याला काय मानवतं ते आधी पाहा. आपल्या घरातलं सगळ्यात चांगलं, ते त्याचं सगळ्यात वाईट असू शकतं.

विहिरीत सोडायला आम्हा दोघींना महांतप्पाच घेऊन आले. काठाशी बसून त्यांनी बरणी पाण्यात तिरकी धरली आणि हळूच विचारलं, “हितंच सोडू का जरा तिकडं सावलीला?”

मला तोंड आहे, पण बोलता येत नाही. मी सावलीकडे हात लांबवले.