स्टेशनवर येऊ नकोस

गेर्टा फॉसची पटकथा आठ वर्षं सुटकेसमध्ये पडून होती. १९४३ साली ती मंजूर झाली आणि त्याच महिन्यात बॉम्ब पडून स्टुडिओ जळाला. तिचा नायक लेफ्टनंट होता. आता, १९५१ साली, म्युनिकमध्ये लेफ्टनंट कुणालाच नको होता.

"त्याला वनरक्षक करा, बाई," निर्माते क्रोल्बाख म्हणाले. "लोकांना हिरवं काहीतरी बघायचंय."

तिची मुलगी उटे शाळेत असायची तेवढ्या वेळात गेर्टानं आठवडाभर खाडाखोड केली. छावणीचं जंगल झालं, शत्रूचे चोरशिकारी झाले. बंदुकीला हात लावावा लागला नाही. आजवर तिनं दुसऱ्यांचे संवाद निनावी दुरुस्त केले होते. या वेळी पडद्यावर तिचं नाव येणार होतं.

नटांसोबतच्या वाचनाच्या दिवशी सगळं सुरळीत चाललं होतं. मग नायकाचं काम करणारा म्हातारा नट टील वाचता वाचता थांबला.

"'रजा संपली. स्टेशनवर येऊ नकोस. तू रडशील, आणि माझा पाय गाडीत चढायचा नाही.'" त्यानं चष्मा वर केला. "अहो फॉसबाई, माझं जंगल घराच्या मागं आहे. मी गाडीनं कुठं निघालोय?"

सगळे हसले. हे वाक्य बदलायचं राहून गेलं होतं. नायकाच्या बायकोचं काम करणारी नटी तेवढी हसली नाही. तिनं कागद मांडीवर पालथे घातले. मग हळूहळू बाकीचेही गप्प झाले.

"खोडते मी ते," गेर्टा म्हणाली.

"खुळ्या की काय?" क्रोल्बाख म्हणाले. "वनरक्षकाची बदली करा, हवी तर दूरच्या डोंगरात. पण वाक्य जाता कामा नये. तुम्हाला जमणार नसेल तर दुसरा लेखक करेल. नावही मग त्याचंच लागेल."

गेर्टानं पेनाचं टोपण काढलं. ते वाक्य तिनं रचलेलं नव्हतं. तिचा नवरा लोटार ते लढाईवर परतताना स्वयंपाकघराच्या दारात बोलला होता, बूट घालता घालता. तेव्हा उटे अकरा महिन्यांची होती. त्याचं ऐकून गेर्टा घरीच थांबली होती. पुढं त्याची दोन पत्रं आली. नंतर काहीच आलं नाही.

तिनं वाक्य खोडलं नाही. फक्त 'रजा संपली'च्या जागी समासात लिहिलं: बदलीचा हुकूम.

सिनेमा शरद ऋतूत लागला. पडद्यावर आईचं नाव आलं तेव्हा उटेनं ते मोठ्यानं वाचलं आणि पुढच्या रांगेतल्या बाईनं मागं वळून "श्श" केलं. टील दारात उभा राहून बूट घालू लागला, तसे अंधारात रुमाल निघाले.

घरी परतताना उटेनं विचारलं,

"आई, तिनं त्याचं कशाला ऐकलं?"

"तो नको म्हणाला ना."

"म्हणेना का. रडली असती तर रडली असती. तो चढला नसता गाडीत."

गेर्टानं तिच्या कोटाचं वरचं बटण लावलं. ते लागलेलंच होतं.

"हो," ती म्हणाली. "जायला हवं होतं."